खरेदीखत झाले, पण ताबा?

मृगाचा पहिला पाऊस पडून गेला आहे. वैनगंगेच्या खोऱ्यात धानाचे पऱ्हे टाकण्याची घाई चालू आहे. अशा दिवशी गोंदियाचे एक सेवानिवृत्त शिक्षक वारासिवनीजवळच्या एका खेड्यात उतरतात. चैत्रात त्यांनी या गावी तीन एकर धानाची जमीन विकत घेतली आहे. निवृत्तीच्या वेळी हाती आलेली सारी पुंजी त्यांनी तीत घातली, मुद्रांकशुल्क भरले, उपनिबंधकासमोर सह्या झाल्या आणि नोंदलेले खरेदीखत घेऊन ते समाधानाने घरी परतले. आज धुऱ्यावर पाऊल ठेवतात, तो बांधीत दुसऱ्याचाच नांगर चाललेला! 'ही जमीन मी घेतली आहे,' असे ते सांगतात. नांगरधारी शांतपणे उत्तर देतो, 'गुरुजी, कागद तुमचा असेल. वाहतो मी आहे.'

हे गुरुजी काल्पनिक आहेत. पण असा प्रसंग काल्पनिक नाही, हे तहसील कचेरीच्या आवारात घटकाभर बसणाऱ्या कोणालाही ठाऊक आहे. आपल्या या गुरुजींनी आता काय करावे, कोणत्या दारी जावे आणि किती दिवसांत जावे, याचाच विचार आजच्या भाषणात करावयाचा आहे. कारण अशा प्रसंगी माणूस बहुधा कायद्याच्या अभावी बुडत नाही. चुकीच्या दारात वेळ दवडल्यामुळे बुडतो.

प्रथम या भागाविषयी दोन शब्द. बालाघाट जिल्हा आणि शेजारचा भंडारा व गोंदियाचा मुलूख १ नोव्हेंबर १९५६ पर्यंत एकाच राज्यात होते आणि त्या राज्याची राजधानी नागपूर होती. राज्यपुनर्रचनेनंतर विदर्भ मुंबई राज्यात गेला, बालाघाट नव्या मध्यप्रदेशात राहिला. सोयरिकी मात्र तुटल्या नाहीत आणि वडिलोपार्जित शेतीही उचलून नेता आली नाही. त्यामुळे आजही सीमेच्या अलीकडची माणसे पलीकडे जमिनी घेतात. त्यांना पहिली अडचण पडते ती शब्दांची. आपला सातबारा तेथे खसरा आणि खतौनी या नावांनी भेटतो; तलाठ्याच्या जागी पटवारी असतो; फेरफाराला नामांतरण म्हणतात आणि मोजणीला सीमांकन. दुसरी अडचण न्यायालयाची. स्थावर मिळकतीचा दावा जेथे ती मिळकत आहे तेथील न्यायालयातच लावावा, असे दिवाणी प्रक्रिया संहितेचे कलम १६ सांगते. म्हणजे गुरुजी राहतात गोंदियाला, विकणारा कदाचित नागपूरला; पण जमिनीच्या ताब्याचा दावा चालणार बालाघाट जिल्ह्यात, आणि त्याचे अपील वर गेले तर जबलपूरच्या उच्च न्यायालयाकडे.

आता मूळ मुद्दा. जमिनीच्या बाबतीत तीन गोष्टी वेगळ्या ओळखल्या पाहिजेत : मालकी, ताबा आणि नोंद. सर्वसाधारण मनुष्य या तिन्ही एकच समजतो. कायदा तसे समजत नाही.

मालकी कशाने मिळते? १८८२ च्या मिळकत हस्तांतरण कायद्याचे कलम ५४ असे की, शंभर रुपये किंवा त्याहून अधिक किमतीच्या स्थावराची विक्री केवळ नोंदलेल्या दस्तऐवजानेच होते. नुसता सौद्याचा करार, ज्याला आपण इसारपत्र म्हणतो, त्याने जमिनीत कोणताही हक्क उत्पन्न होत नाही. त्याने फक्त पुढे खरेदीखत करून मागण्याचा अधिकार येतो. पुष्कळ ठिकाणी खर्च वाचविण्यासाठी मुखत्यारपत्र आणि करार यांवरच व्यवहार उरकण्याची रीत पडली होती. सर्वोच्च न्यायालयाने २०११ साली सूरज लॅम्प विरुद्ध हरियाणा राज्य या निकालात स्पष्ट केले की, अशा मुखत्यारपत्री व्यवहाराने मालकी जात नाही. आणि खरेदीखत झाले तरी विकणाऱ्याजवळ जेवढा हक्क होता तेवढाच घेणाऱ्याकडे येतो. शिक्का कितीही मोठा असला तरी त्याने हक्क वाढत नाही.

दुसरी गोष्ट नोंदीची. खरेदीनंतर मध्यप्रदेश भू-राजस्व संहिता, १९५९ च्या कलम १०९ व ११० खाली नामांतरण करून घ्यावे लागते. ते अवश्य करावे, कारण कलम ११७ प्रमाणे भू-अभिलेखातील नोंद विरुद्ध पुरावा येईपर्यंत खरी मानली जाते. पण 'खसऱ्यात माझे नाव चढले, आता जमीन माझी' असे मानून स्वस्थ बसणे घातक होय. मध्यप्रदेशातूनच गेलेल्या जितेंद्र सिंह यांच्या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने सप्टेंबर २०२१ मध्ये पुन्हा बजावले की, नामांतरणाच्या नोंदीने कोणास हक्क मिळत नाही व कोणाचा जातही नाही; ती महसुलाच्या कामापुरती असते. मालकीचा वाद असेल तर दिवाणी न्यायालयातच गेले पाहिजे. म्हणून नामांतरणास कोणी हरकत घेतली, की तहसीलदारापुढे वर्षानुवर्षे भांडत राहण्यापेक्षा त्याच सुमारास दिवाणी दाव्याचा विचार करावा.

तिसरी गोष्ट ताब्याची. ताबा म्हणजे प्रत्यक्ष वहिवाट. ती मालकीहून निराळी आहे, आणि मालक नसलेल्याच्याही ताब्याला कायदा काही मर्यादेपर्यंत संरक्षण देतो. रामे गौडा विरुद्ध वरदप्पा नायडू या २००३ सालच्या निकालाचे सार असे की, स्थिरावलेल्या ताब्यातील माणसास खऱ्या मालकानेही बळाने हुसकावू नये. कायद्याच्या मार्गानेच काढावे. तेव्हा गुरुजींनी चार गडी आणि एक ट्रॅक्टर घेऊन बांधीत उतरण्याचा सल्ला कोणी दिला तर तो मुळीच ऐकू नये. जमीन मिळणे बाजूला राहील आणि फौजदारी मात्र पाठीस लागेल.

मग त्यांनी प्रथम काय करावे? तर बांधीत उभा असलेला मनुष्य कोण आहे, याचा शोध घ्यावा. त्याचे उत्तर चार प्रकारचे असू शकते, आणि प्रत्येक उत्तराचा उपाय निराळा आहे.

पहिला प्रकार निव्वळ अतिक्रमण करणाऱ्याचा. त्याच्याजवळ कागद नाही, हक्क नाही. जमीन पडीक दिसली म्हणून तो शिरला. येथे एक प्रश्न निर्णायक ठरतो : गुरुजींना एकदा ताबा मिळाला होता काय? समजा, चैत्रात त्यांना धुऱ्याधुऱ्याने फिरवून ताबा दिला होता, त्यांनी नांगरटही करविली होती, आणि नंतर या माणसाने त्यांना बेकायदा बाहेर काढले. अशा वेळी १९६३ च्या विनिर्दिष्ट अनुतोष अधिनियमाचे, म्हणजे वकीलमंडळी ज्याला स्पेसिफिक रिलीफ ॲक्ट म्हणतात त्याचे, कलम ६ उपयोगी पडते. या दाव्यात मालकी कोणाची हा प्रश्नच निघत नाही. 'मी ताब्यात होतो, मला संमतीवाचून व कायद्याच्या मार्गावाचून काढले,' एवढे सिद्ध झाले की ताबा परत मिळतो. या हुकमावर अपील नाही. पण दावा ताबा गेल्यापासून सहा महिन्यांच्या आत लावला पाहिजे, आणि तो सरकारविरुद्ध लावता येत नाही. सहा महिने उलटले, की हे सोपे दार बंद होते.

समजा, गुरुजींना ताबा कधी मिळालाच नव्हता. मग कलम ६ त्यांच्या उपयोगाचे नाही. कारण जो आत नव्हता त्याला बाहेर काढले असे म्हणता येत नाही. त्यांनी मालकीच्या जोरावर ताब्याचा दावा लावावा. त्यास १९६३ च्या मुदतीच्या कायद्यातील अनुच्छेद ६५ प्रमाणे १२ वर्षांची मुदत आहे. १२ वर्षे ऐकून माणूस निर्धास्त होतो. पण ही वर्षे खरेदीखताच्या तारखेपासून मोजत नाहीत. दुसऱ्याचा ताबा मालकाविरुद्ध प्रतिकूल झाला त्या दिवसापासून ती मोजतात, आणि विकणाऱ्याच्या काळात गेलेली वर्षे घेणाऱ्याच्या अंगावर पडतात. तो मनुष्य विकणाऱ्याला न जुमानता दहा वर्षे जमीन वाहत असेल, तर गुरुजींच्या हाती उरली फक्त दोन वर्षे. मुदत संपली म्हणजे कलम २७ प्रमाणे मालकाचा हक्कच नष्ट होतो. अतिक्रमण करणारा प्रतिकूल ताब्याची ढाल पुढे करतो ती याच आधारावर.

शेतजमीन असल्याने येथे आणखी एक मार्ग आहे. भू-राजस्व संहितेच्या कलम २५० खाली गैररीतीने ताबा गेलेला भूमिस्वामी तहसीलदाराकडे अर्ज करू शकतो. नुसता हद्दीचा गोंधळ असेल, म्हणजे शेजाऱ्याचा धुरा सरकलेला असेल, तर कलम १२९ प्रमाणे सीमांकन मागावे. पुष्कळदा सगळे भांडण चार हात जमिनीचे असते आणि शेजाऱ्याच्या देखत झालेल्या मोजणीने ते मिटते. मात्र समोरच्याने मालकीचाच प्रश्न उभा केला, तर महसुली अधिकाऱ्याच्या दारी अंतिम निर्णय मिळणार नाही.

दुसरा प्रकार भाऊबंदाचा. नांगरधारी म्हणतो, 'विकणारा माझा भाऊ. जमीन दोघांची, वाटणी झालेली नाही.' हे खरे असेल तर गुरुजींनी विकत घेतला तो भावाचा अविभक्त हिस्सा, अमुक तीन एकर नव्हेत. मिळकत हस्तांतरण कायद्याच्या कलम ४४ प्रमाणे सहहिस्सेदाराच्या जागी ते उभे राहतात आणि त्यांना वाटणी मागता येते. पण अविभक्त कुटुंबाचे राहते घर असेल, तर परक्या खरेदीदाराला त्यात एकत्र राहण्याचा हक्क मिळत नाही. शेताची वाटणी संहितेच्या कलम १७८ खाली तहसीलदार करतो. त्यात मालकीचा वाद निघाला, तर दिवाणी दावा लावता यावा म्हणून तो कामकाज तीन महिने थांबवितो. ही तीन महिन्यांची सवड वाया घालवू नये. आणि भाऊ म्हणताना बहिणीला विसरू नये. २००५ च्या दुरुस्तीने मुलगी जन्मतः सहदायाद झाली आहे, आणि २०२० साली विनीता शर्मा प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने त्यासाठी त्या दिवशी वडील हयात असण्याची अट नाही असे ठरविले. २० डिसेंबर २००४ पूर्वी झालेल्या विक्रीस व वाटणीस मात्र या दुरुस्तीने धक्का लागत नाही. खसऱ्यात नुसती भावांची नावे पाहून व्यवहार करणारा खरेदीदार पुढे याच ठिकाणी अडकतो.

तिसरा प्रकार आधीच्या सौदेदाराचा. 'मी तीन वर्षांपूर्वीच इसार दिला, जमीन माझ्या ताब्यात दिली,' असे तो म्हणतो. गुरुजी म्हणतील, 'पण खरेदीखत माझे आहे.' खरे, आणि विनिर्दिष्ट अनुतोष अधिनियमाच्या कलम १९ प्रमाणे, ज्याने पूर्ण किंमत देऊन, सद्भावनेने आणि आधीच्या कराराची माहिती नसताना जमीन घेतली त्याच्याविरुद्ध जुन्या कराराची बजावणी होत नाही. परंतु मिळकत हस्तांतरण कायद्याचे कलम ३ असे म्हणते की, जमिनीवर प्रत्यक्ष ताबा असलेल्या माणसाचा जो काही हक्क असेल त्याची खरेदीदारास माहिती आहे असेच समजले जाईल. म्हणजे धुऱ्यावर जाऊन 'बाबा रे, तू कोणत्या नात्याने वाहतोस?' हा एक प्रश्न न विचारल्यामुळे गुरुजींचे 'मला ठाऊक नव्हते' हे उत्तर फुकट जाते. त्यांच्या बाजूला एक मुद्दा उरतो. कलम ५३-अ प्रमाणे ताब्याचे संरक्षण मागावयाचे तर करार लेखी हवा, आणि २४ सप्टेंबर २००१ नंतरचा असल्यास नोंदलेलाही हवा. कोऱ्या मुद्रांकावर लिहिलेली, न नोंदलेली चिठ्ठी त्यास पुरत नाही.

चौथा प्रकार बटाईदाराचा किंवा घर असल्यास भाडेकरूचा. येथे घाबरण्याचे कारण नाही. विकणाऱ्याचे जे हक्क व बंधने होती तीच घेऊन नवा मालक त्याच्या जागी उभा राहतो. त्याने लेखी सूचना द्यावी, कराराची मुदत पाहावी, आणि पेरलेले पीक हातचे जाऊ न देता समजुतीने ताबा घ्यावा. समजूत पटली नाही तर त्या त्या कायद्याप्रमाणे कारवाई करावी.

दाव्याच्या मसुद्याविषयी एक सूचना अत्यंत महत्त्वाची आहे. न्यायशुल्क कमी लागते म्हणून पुष्कळ लोक नुसता मनाई हुकमाचा दावा लावतात. ताबा आपल्याजवळ असेल आणि कोणी केवळ अडथळा करीत असेल, तर तेवढे पुरते. दिवाणी प्रक्रिया संहितेच्या आदेश ३९ खाली तात्पुरता मनाई हुकूमही मागता येतो. पण ताबा दुसऱ्याकडे असताना नुसती मनाई मागणे व्यर्थ आहे. अनाथुला सुधाकर विरुद्ध बुची रेड्डी या २००८ च्या निकालाने ही वाट आखून दिली आहे : ताबा नसेल तर ताबा मागा, मालकीवर खरोखरीचे सावट असेल तर मालकीची घोषणाही मागा. उलट, नुसती घोषणा मागून ताबा मागावयाचे सोडले, तर कलम ३४ प्रमाणे न्यायालय घोषणाही देत नाही. दहा वर्षे दावा चालून शेवटी 'मागणीच अपुरी होती' असे ऐकावे लागणे, याहून मोठी हानी नाही.

मारामारीचा प्रसंग असेल तर उपविभागीय दंडाधिकाऱ्याकडेही जाता येते. पूर्वीच्या फौजदारी प्रक्रिया संहितेचे कलम १४५ आता १ जुलै २०२४ पासून भारतीय नागरिक सुरक्षा संहितेचे कलम १६४ झाले आहे. दंडाधिकारी फक्त प्रत्यक्ष ताबा कोणाचा एवढेच पाहतो आणि दिवाणी न्यायालयाचा निर्णय होईपर्यंत शांतता राखतो. तो मालकी ठरवीत नाही.

आता विकणाऱ्याकडे वळू. तो पैसे घेऊन मोकळा झाला असे नाही. कलम ५५ प्रमाणे ताबा देण्याचे त्याच्यावर बंधन आहे, आणि उलट करार नसेल तर 'मी विकतो तो हक्क माझ्याजवळ आहे व तो विकण्याचा मला अधिकार आहे' ही हमी त्याने दिली असे कायदा समजतो. म्हणून ताब्याच्या दाव्यात त्यालाही प्रतिवादी करावे आणि हक्कच खोटा निघाल्यास किंमत व नुकसानभरपाई पर्यायाने मागावी. पैशाच्या मागणीची मुदत तीन वर्षांची आहे, हे ध्यानात असू द्यावे. खरेदीखत व्हावयाचे असून विकणारा टाळाटाळ करीत असेल, तर करारपूर्तीचा दावा ठरलेल्या तारखेपासून, आणि तारीख ठरलेली नसल्यास नकार कळल्यापासून, तीन वर्षांच्या आत लावावा. त्यात 'मी उरलेली रक्कम देण्यास सदैव तयार होतो' हे दाखवावे लागते. आणि कलम २२ प्रमाणे ताबा व इसाराची परतफेड या दोन्ही मागण्या त्याच दाव्यात घालून ठेवणे शहाणपणाचे. शहरात सदनिका घेणाऱ्यांना २०१६ च्या रेरा कायद्याचा वेगळा आधार आहे. जमिनीच्या सदोष हक्कामुळे झालेल्या नुकसानीची भरपाई बिल्डरकडून मागण्यास तेथे मुदतीचा अडसर नाही.

बालाघाट जिल्ह्यापुरती आणखी एक गोष्ट सांगितलीच पाहिजे. बैहरकडचा डोंगराळ भाग संविधानाच्या पाचव्या अनुसूचीखालील क्षेत्रात मोडतो. भू-राजस्व संहितेच्या कलम १६५ (६) प्रमाणे शासनाने अधिसूचित केलेल्या क्षेत्रात आदिवासी भूमिस्वामीची जमीन बिगर-आदिवासीस घेताच येत नाही, आणि इतरत्र कलेक्टरच्या लेखी परवानगीशिवाय घेता येत नाही. कलम १७०-ब खाली तर २ ऑक्टोबर १९५९ पासून १९८० च्या दुरुस्तीपर्यंतच्या जुन्या व्यवहारांचीही चौकशी होते, आणि अनुसूचित क्षेत्रातील ग्रामसभेलाही ताबा परत देवविण्याचा अधिकार आहे. ज्यांच्या जमिनी अडीनडीला, दारूपायी किंवा सावकाराच्या धाकाने गेल्या त्यांच्यासाठी ही तरतूद आहे आणि ती न्याय्य आहे. अशी जमीन दुसऱ्याच्या नावाने घेऊ पाहणाऱ्याला या भाषणात सांगितलेला एकही उपाय लागू पडणार नाही, हे त्याने आधीच समजून असावे.

सारांश, मुदतींचे तीन आकडे पाठ असावेत : बळाने गेलेल्या ताब्यास सहा महिने, करारपूर्तीस व पैशास तीन वर्षे, मालकीवरून ताबा मागण्यास बारा वर्षे. आणि खरेदीपूर्वी चार कामे चुकवू नयेत. उपनिबंधकाकडे जुन्या दस्तांचा शोध घ्यावा. खसरा, खतौनी व नकाशा मागील अनेक वर्षांचे पाहावेत. दिवाणी न्यायालयात दावा चालू आहे काय याची चौकशी करावी, कारण चालू दाव्यातली जमीन घेणाऱ्यास कलम ५२ प्रमाणे त्या दाव्याचा निकाल बांधतो. आणि शेतावर स्वतः जाऊन, जो वाहत असेल त्याच्याशी बोलावे.

वकिलाचा खर्च झेपत नाही म्हणून कोणी स्वस्थ बसू नये. १९८७ च्या विधी सेवा प्राधिकरण कायद्याने स्त्रिया, अनुसूचित जाती-जमातींची माणसे आणि अल्प उत्पन्नाचे लोक यांना विनामूल्य वकील मिळतो. त्यासाठी जिल्हा विधी सेवा प्राधिकरणाकडे अर्ज करावा. दोन्ही पक्ष तयार असतील तर लोकअदालतीत झालेली तडजोड न्यायालयाच्या हुकूमनाम्याइतकीच बंधनकारक असते.

आपल्या गुरुजींचे काय झाले, असे श्रोते विचारतील. त्या सकाळी त्यांनी भांडण केले नाही. नांगरधाऱ्याला नाव विचारले, तो कोणत्या नात्याने व किती वर्षे वाहतो ते विचारले आणि उत्तर वहीत तारखेसह टिपून ठेवले. त्या टिपणावरूनच त्यांचा वकील दाव्याचा मार्ग ठरवील. हेच चार प्रश्न त्यांनी चैत्रात, सही करण्याच्या आदल्या दिवशी, याच धुऱ्यावर उभे राहून विचारले असते, तर पुंजी घालण्यापूर्वीच त्यांना सारे उमगले असते.